मध्ये पडणारा माणूस

३ मार्च २०२३, शुक्रवार. न्यू जर्सीतल्या पॅटरसन शहरात मिल स्ट्रीटवरच्या एका इमारतीत ३१ वर्षांचा नाजी सीब्रुक्स बाथरूममध्ये कडी लावून बसला होता. सकाळी आठच्या आधीच त्याने ९११ या तातडीच्या मदतीच्या क्रमांकाला पुन्हा पुन्हा फोन केले होते. कुणीतरी जिवावर उठलंय, मदत पाठवा, असं तो सांगत होता. मदत म्हणून पोलीस आले. पुढचे चार तासांहून जास्त वेळ मध्ये एक बंद दार, आत तो, बाहेर ढाली आणि बंदुका. आतून तो आपल्या सहकाऱ्यांना मेसेज करत होता. मेसेज बघून सहकारी तिथे पोचले. आम्हाला त्याच्याशी बोलू द्या, असं विनवत राहिले. त्यांना पुढे जाऊ दिलं नाही. दुपारी १२ वाजून ३५ मिनिटांच्या सुमाराला तो बाहेर आला. हातात सुरी घेऊन तो अंगावर धावला, असं सरकारी निवेदन सांगतं. दोन पोलिसांनी गोळ्या झाडल्या.

त्या सकाळची ती थांबवून ठेवलेली माणसं डोळ्यांपुढून हलत नाहीत.

कारण अशा वेळी जाऊन बोलणं हाच त्यांचा व्यवसाय होता, आणि त्याचाही. सीब्रुक्स 'पॅटरसन हीलिंग कलेक्टिव' या संस्थेत काम करायचा. गोळी लागलेला, भोसकलेला माणूस इस्पितळात आला की त्याच्या खाटेपाशी जायचं आणि बदल्याची पुढची गोळी सुटणार नाही एवढं बघायचं, असं हे काम. मराठीत त्याला नेमका शब्द सापडत नाही. मध्यस्थ म्हटलं की गावचा पार आणि दोन्ही पक्षांची संमती आठवते. मांडवली म्हटलं की मुंबईतली जुनी दमबाजीची छटा येते. त्यातल्या त्यात जवळ जातं ते आपलं साधं क्रियापद, मध्ये पडणं. आणि ते आपण ऐकतो बहुतेक नकारातच. खाली दोघांची जुंपली की आई पोराचा दंड धरून त्याला खिडकीतून मागे ओढते. 'तू कशाला मध्ये पडतोस?' सीब्रुक्सच्या पगाराच्या चिठ्ठीवर पदाचं नाव काहीही छापलेलं असो, तो मध्ये पडायचा.

पॅटरसन कसं गाव आहे हे लालबाग-परळ माहीत असलेल्या माणसाला फार सांगावं लागू नये. पसेइक नदीचा ७७ फुटांचा धबधबा, त्या पाण्यावर चालणाऱ्या गिरण्या, रेशमाचं शहर म्हणून झालेलं नाव, १९१३चा गाजलेला रेशीम कामगारांचा संप, आणि मग एकेक करून बंद पडलेले कारखाने. मिल स्ट्रीट हे रस्त्याचं नाव तेवढं उरलं. काम गेलं तरी माणसं राहिली, आणि कामाच्या जागी जे येतं ते आलं. तिथल्या पोरांच्या वैराला मोठी कारणं लागत नाहीत. कुणाच्या बहिणीबद्दल टाकलेली एखादी पोस्ट, एखादी जुनी उधारी, चुकीच्या कोपऱ्यावर उभं राहणं एवढं पुरतं. मात्र एक गोळी सुटली की हिशेब सुरू होतो, आणि तो इस्पितळाच्या वेटिंग रूममध्येच मांडला जातो.

या कामाची सुरुवात तिथूनच होते. ट्रॉमा विभागात गोळी लागलेला माणूस आला की नर्स किंवा समाजसेविका संस्थेच्या फोनवर कळवते. फोन कुणाकडे आहे हे आठवड्याच्या पाळीनुसार ठरलेलं असतं. शक्यतो तासाभरात दोघांनी पोचायचं, एकाने खाटेकडे आणि दुसऱ्याने वेटिंग रूमकडे. वेटिंग रूममधलं काम जास्त नाजूक. तिथे आई असते, मावशी असते, आणि दाराशी, पार्किंगमध्ये, आठ-दहा मित्र असतात. कोण एका जागी बसत नाही, कोण सारखा फोन घेऊन बाहेर जातो, कुणी गाडीची किल्ली हातात धरून ठेवली आहे, हे आधी बघायचं. 'काही करू नका रे' असं चुकूनही म्हणायचं नाही. त्यातून फक्त एवढंच कळतं की हा आपला नाही. त्याऐवजी कामं वाटायची. आईला घरी कोण सोडणार? तिच्या औषधांची वेळ कुणाला माहीत आहे? धाकट्याला शाळेतून कोण आणणार? रात्री इथे कोण बसणार? ज्याच्या हातात किल्ली आहे त्यालाच आईला घरी सोडायला पाठवायचं. ती गाडी तेवढा वेळ दुसरीकडे जात नाही. मिळवायची असते ती एक रात्र, मग दुसरी. पहिले दोन-तीन दिवस सर्वांत तापलेले असतात. ते निघून गेले की निम्मे बेत आपोआप विरतात.

खाटेपाशी गेल्यावर पहिलं वाक्य ठरलेलं. मी पोलीस नाही, तू बोलशील ते त्यांच्याकडे जाणार नाही. दुसरं काम, चार्जर देणं. ऐकायला क्षुल्लक वाटेल, पण जखमी माणसाचा फोन बंद पडलेला असतो किंवा पुरावा म्हणून नेलेला असतो, आणि तो शुद्धीवर आल्याआल्या फोनच शोधतो. कपडेही नसतात. ट्रॉमा विभागात ते कात्रीने कापून काढतात आणि उरलेल्या चिंध्या पोलीस पिशवीत घालून नेतात. म्हणून एक ट्रॅकपँट, टीशर्ट, सपाता बरोबर ठेवायच्या. कागदी गाऊनमध्ये घरी जावं लागलेल्या माणसाला जो अपमान वाटतो तो जखमेहून जास्त दिवस ठसठसतो. आणि कुणी मारलं, हे विचारायचं नाही. ते पोलीस विचारतात, डॉक्टर विचारतात, आई रडत रडत विचारते. न विचारणारा एक जण खोलीत असला की थोड्या वेळाने जखमी माणूस आपणहून त्याच्याकडे वळतो. विचारायचं ते पुढचं. इथून सुटलास की कुठे जाशील? मारणाऱ्याला घर माहीत आहे का? मामाकडे, दुसऱ्या गावात, चार आठवडे राहता येईल का? डिस्चार्ज रात्री मिळत असेल तर भांडून सकाळचा करून घ्यायचा आणि गाडी दारापर्यंत आणायची. इस्पितळासमोरच्या बसथांब्यावर टाके घातलेला माणूस उभा राहिला तर तो कुणालाही दिसतो.

मग सुरू होतात ते सहा महिने, वर्ष. त्यांच्याबद्दल कुणी बोलत नाही, कारण त्यात थरार नाही. पट्टी बदलायला जायचं. पोटात गोळी लागली असेल तर पोटावर लावलेली शौचाची पिशवी हाताळायला शिकवायचं, आणि बावीस वर्षांच्या पोराला तिची लाज वाटते म्हणून तो घराबाहेर पडत नाही हे ओळखायचं. गुन्ह्यात जखमी झालेल्यांना मिळणाऱ्या भरपाईचा अर्ज भरायचा. त्या अर्जातच खोच असते, कारण तपासाला सहकार्य केलं की नाही हे बघितलं जातं, आणि नाव सांगितलं तर गल्लीत जगणं अवघड. प्रोबेशनवरचा, म्हणजे तुरुंगाऐवजी देखरेखीखाली सोडलेला, मुलगा इस्पितळात होता म्हणून हजेरी चुकते आणि त्याच्या नावाने वॉरंट निघतं, तेव्हा दाखल्याची प्रत घेऊन अधिकाऱ्याकडे आधीच जायचं. ओळखपत्र त्या पुराव्याच्या पिशवीत गेलेलं असतं, ते नवं काढल्याशिवाय नोकरीचा अर्ज भरता येत नाही. झोप लागत नाही. फटाका वाजला की माणूस जमिनीवर आडवा पडतो. हे सगळं धरून ठेवायचं, म्हणजे पुढच्या खेपेला डोकं फिरेल तेव्हा तो पिस्तूल असलेल्या मित्राआधी आपल्याला फोन करील.

ही पद्धत काही पॅटरसनने शोधली नाही. कॅलिफोर्नियातल्या ओकलंडमध्ये १९९४ साली खाटेपाशी जाणाऱ्यांचा पहिला मोठा प्रयोग सुरू झाला. क्षयरोग आणि कॉलऱ्याच्या साथींवर काम करून शिकागोला परतलेल्या डॉक्टर गॅरी स्लटकिन यांनी २००० साली तिथे मोहीम सुरू केली, आणि पुढे तिच्यात रस्त्यावर मध्ये पडणारी माणसं नेमली. हिंसा साथीसारखी एकाकडून दुसऱ्याला लागते, म्हणून साखळी तोडायची, हा त्यांचा विचार. दोन्हीकडे अट एकच, जाणारा माणूस त्याच गल्ल्यांतला हवा. पदवी चालते, पण ओळख लागते. आणि ही ओळख काचेसारखी असते. पोलिसांच्या गाडीपाशी हसत बोलताना एकदा कुणी पाहिलं की संपलं. म्हणून ही माणसं पोलिसांपासून चार हात लांब राहतात. पोलिसांना तो लांबपणा खुपतो. गोळ्या लागलेली पोरं ओळखतोस, नावं मात्र सांगत नाहीस, मग तू कुणाच्या बाजूचा? हा जुना संशय घेऊनच दोन्ही बाजू एखाद्या सकाळी एका इमारतीशी समोरासमोर येतात.

या कामात आणखी एक गोष्ट बिघडते, आणि ती हळूहळू बिघडते. काम करणारा त्याच गल्लीतला, म्हणजे खाटेवरचा माणूसही कधी वर्गमित्र, कधी चुलतभाऊ. फोन रात्री बंद ठेवता येत नाही. महिन्यात दोन अंत्ययात्रा होतात आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा ट्रॉमा विभाग. जाणत्या संस्था आठवड्यातून एकदा सगळ्यांना बसवून बोलतं करतात, मृत्यूनंतर सक्तीची रजा देतात, बाहेरचा समुपदेशक ठेवतात. पण पैसा बहुधा मुदतीच्या अनुदानाचा, आणि अनुदान आटलं की आधी कापलं जातं ते हेच. इतरांच्या वाईट रात्री ज्याने अंगावर घेतल्या त्याची स्वतःची वाईट सकाळ येणार, हे या क्षेत्रात सगळ्यांना माहीत असतं.

पोलिसांची अडचणही नीट पाहिली पाहिजे, नाहीतर हे नुसतं रागाचं लिखाण होईल. १९८३ साली सॉल्ट लेक सिटीच्या डेनिस टुएलर या पोलीस प्रशिक्षकाने मोजून दाखवलं की सुरी घेतलेला माणूस २१ फूट अंतर साधारण दीड सेकंदात कापतो. कमरेचं पिस्तूल काढून झाडायलाही तेवढाच वेळ लागतो. पुढे त्याचा 'एकवीस फुटांचा नियम' झाला, आणि अनेकांनी तो 'एकवीस फुटांच्या आत आला तर झाडा' असा वाचला. मूळ मुद्दा उलटा होता. अंतर ठेवा, मध्ये आडोसा ठेवा. फ्लॅटच्या बोळात एकवीस फूट असतात कुठे? बाथरूमच्या दारासमोर तुम्ही उभे राहिलात की भीती त्या जागेच्या मापातच बसलेली असते. मग उपाय एकच, त्या मापातून बाहेर पडायचं. मागे सरायचं, बाहेरच्या दारापर्यंत. आत एकटाच माणूस असेल, कुणाला ओलीस धरलेलं नसेल, तर घड्याळ बाहेरच्यांच्या बाजूने असतं. सहा तास लागले तर सहा, अठरा लागले तर अठरा. पाळी बदलावी लागेल, एवढाच खर्च. बळाच्या वापराबद्दलचे नियम न्यू जर्सीने २०२०च्या अखेरीस नव्याने लिहिले, आणि आधी तणाव उतरवा, हेच त्यांचंही सांगणं आहे.

प्रत्यक्षात बिघडतं ते लहान लहान गोष्टींत. बोलणारा एकच हवा, पण तिघे एकदम ओरडून हुकूम सोडतात. वायरलेस खरखरत राहतो. टॉर्चचा झोत दाराच्या फटीतून डोळ्यांवर येतो. नवा अधिकारी येतो आणि ओळख पुन्हा पहिल्यापासून. पाळता येणार नाही असा शब्द दिला जातो. आणि मुख्य म्हणजे, आतल्या माणसाची भीतीच मुळी ही असते की कुणीतरी मला मारायला आलंय. त्याने दाराच्या फटीतून पाहिलं तर त्याला काय दिसणार?

मग ओळखीचा आवाज का नाही? बाहेरच्या माणसाला दारापाशी न आणण्याची पोलिसांची कारणं तीन, आणि तिन्ही खरी आहेत. तोच जखमी होऊ शकतो. आत बसलेल्याचा राग कदाचित त्याच्यावरच असतो, हे बाहेर कुणाला ठाऊक नसतं. आणि मरायचं ठरवलेला माणूस कधी कधी जवळच्यांचा निरोप घ्यायलाच थांबलेला असतो, भेट झाली की संपवतो. म्हणून वाटाघाटीचं प्रशिक्षण घेतलेले पोलीस सावध असतात. पण सावधपणाचा अर्थ दार लावून घेणं नव्हे. त्याची रीत आहे. आलेल्या माणसाला बाजूला घेऊन दहा मिनिटं बोलायचं. तुझं आणि त्याचं शेवटचं बोलणं काय झालं? तो कशाला घाबरतो? कुठल्या नावाला ओ देतो? मग काय बोलायचं, काय टाळायचं हे ठरवायचं. समोर आणायचंच नाही. फोनवर बोलू द्यायचं, वाटाघाटी करणाऱ्याने कान लावून ऐकायचं. तेही नको असेल तर वीस सेकंदांचा आवाज मोबाइलवर रेकॉर्ड करून दारापाशी वाजवायचा. 'नाजी, आम्ही सगळे खाली आहोत. घाई नाही.' एवढ्या वाक्याने कुणाला धोका पोचत नाही.

त्याने काही फरक पडला असता का? ठामपणे हो म्हणवत नाही. खाटेपाशी बसणाऱ्या माणसालाही दहातले सगळे वाचवता येत नाहीत. पण त्यांना सवय असते ती निकालाची खात्री नसताना बसून राहण्याची, आणि त्या सकाळी नेमकी तीच हवी होती.

गोळ्या लागल्यावर त्याला सेंट जोसेफ्स विद्यापीठ वैद्यकीय केंद्रात नेलं. हीलिंग कलेक्टिवचं काम चालतं ते हेच इस्पितळ. तिथेच तो गेला.

त्यानंतर पॅटरसनमध्ये लोक रस्त्यावर आले, आणि २७ मार्चला राज्याचे महाधिवक्ता मॅथ्यू प्लॅटकिन यांनी शहराचं पोलीस खातंच आपल्या ताब्यात घेतलं. साध्या कपड्यांतला पोलीस आणि मानसिक आरोग्याचा जाणकार यांना एका गाडीतून पाठवण्याची राज्याची योजनाही पॅटरसनमध्ये आली. लोकांची मागणी त्याहून पुढची होती, गाडीत पोलीस नकोच. ती का, हे त्याच ऑगस्टमध्ये जर्सी सिटीत दिसलं. अँड्र्यू वॉशिंग्टन यांच्या घरच्यांनी मदतीसाठी फोन केला तो मानसिक संकटाच्या मदतसेवेला. शेवटी दारात उभे राहिले पोलीस, आणि वॉशिंग्टन गोळी लागून गेले. जानेवारी २०२४मध्ये राज्यपाल फिल मर्फी यांनी सही केलेल्या कायद्याला या दोघांची नावं आहेत, सीब्रुक्स–वॉशिंग्टन कायदा. समाजातल्याच प्रशिक्षित माणसांची पथकं अशा हाकेला जातील, असा प्रयोग तो सहा काउंटींत, म्हणजे आपल्याकडच्या जिल्ह्यांसारख्या भागांत, मांडतो. कॅम्डेन, एसेक्स, हडसन, मर्सर, मिडलसेक्स आणि पसेइक.

मिडलसेक्स म्हणजे एडिसन, हडसन म्हणजे जर्सी सिटी. किती मराठी घरं आहेत तिथे! गणपतीच्या आरतीला पार्किंग मिळत नाही एवढी. त्या घरांतही कुणाचा तरी मुलगा तीन रात्री झोपलेला नसतो, कुणाच्या सासऱ्यांना शेजारी विष घालतोय असं वाटत असतं, आणि 'घरातलं बाहेर जायला नको' म्हणत शेवटच्या क्षणापर्यंत कुणाला सांगितलेलं नसतं. मग घाबरून ९११ फिरवला जातो आणि तोंडातून पहिलं वाक्य निघतं, 'त्याच्या हातात सुरी आहे.' पुढचं सगळं त्या वाक्यावर ठरतं. म्हणून हे आधीच ठरवून ठेवलेलं बरं. वेळ असेल तर ९८८ लावायचा. २०२२पासून हा क्रमांक देशभर मानसिक संकटासाठीच आहे. ९११च लावावा लागला तर पहिलं वाक्य, हे मानसिक आजारपण आहे, गुन्हा नाही. हत्यार आहे की नाही ते खरं सांगायचं, पण त्याबरोबर घरात आणखी कोण आहे, तो कशाला बिचकतो, कुठली औषधं चालू किंवा बंद आहेत, कुणाचं ऐकतो, हेही. संकटाचं प्रशिक्षण घेतलेला अधिकारी मागायचा. एकाने खाली जाऊन पोलिसांना दाराबाहेरच गाठायचं आणि हे सगळं पुन्हा सांगायचं. भाषा सांगायची, हे तर सगळ्यांत आधी. घाबरलेला माणूस शिकलेल्या भाषेतून मातृभाषेत परत जातो. भारतातून आलेल्या आजीला इंग्रजीतला हुकूम कळत नाही, आणि न कळणं हे न ऐकणं समजलं जातं. अलाबामातल्या मॅडिसनमध्ये २०१५ साली नातवाला सांभाळायला आलेल्या गुजराती आजोबांना पोलिसाने फुटपाथजवळ आपटलं. त्यांना इंग्रजी येत नव्हतं. त्यांच्या हातात तर काहीच नव्हतं.

कायदा झाला म्हणून पथकं लगेच उभी राहत नाहीत. माणसं निवडायची, शिकवायची, रात्रपाळी लावायची, आणि ९११च्या टेबलावर बसलेल्या माणसाने कुठला फोन कुणाकडे वळवायचा हे ठरवायचं. शेवटचं काम सगळ्यांत किचकट, आणि घोडं बहुतेक तिथेच अडतं. टेबलावरच्या माणसाला काही सेकंदांत ठरवायचं असतं, आणि चुकलं तर नाव त्याचं जातं. म्हणून तो सवयीने पोलीसच पाठवतो. ती सवय मोडायला महिनोन्महिने दोन्ही बाजूंनी एकमेकांचे फोन ऐकत बसावं लागतं.

खाटेपाशी चार्जर देण्यापासून वॉरंट थांबवण्यापर्यंत हे लोक जे जे करतात ते सगळं एका गोष्टीसाठी. माणसाची मती फिरेल त्या घटकेला त्याने आपल्याला हाक मारावी. कित्येकदा वर्षभर मागे राहूनही ती हाक येत नाही.

३ मार्चला ती आली होती. मेसेज पोचले होते, आणि माणसंही.